अस्तराखालची चिमणी

१२ जानेवारी, सोमवार

चिमण्या,

धाकट्या भावाला पत्र लिहायचं म्हणजे आधी आशीर्वाद लिहायचा असतो. या वेळी लिहीत नाही. राग मानायचा तर मान.

अक्षर बघून हसू नकोस, डाव्या हाताचं आहे. दोन महिने पाटी घेऊन गिरवते आहे, तेव्हा कुठे 'क' सरळ उभा राहायला लागला. उजव्या हाताची तीन बोटं डॉक्टरांनी तारेने जोडली आहेत आणि ती आता माझं काहीएक ऐकत नाहीत. कोर्टाच्या कागदांवर सह्यासुद्धा डाव्यानेच केल्या. मला लाज वाटत होती. वकीलबाई म्हणाल्या, वाकडी आली तरी चालते.

मी वरच्या कोर्टात अर्ज केला आहे. तुझ्याविरुद्ध नाही, पोलिसांविरुद्ध. तुझा-माझा दावा खालच्या कोर्टात चालू आहे, तो चालू दे. बाबा गेल्यावर बाइंडिंगचा कारखाना दोघांचा झाला. तुला तो विकायचा आहे, मला चालवायचा आहे, आणि सव्वीस वर्षं मीच तो चालवते आहे. निकाल लागेपर्यंत आहे तसं राहू द्या, असं खालच्या कोर्टाने दोघांनाही बजावलं होतं. तेवढी कळ तुला काढवली नाही. तू ठाण्यात गेलास आणि इन्स्पेक्टरला घेऊन आलास. चार नोव्हेंबर, मंगळवार, दिवसाढवळ्या अकरा वाजता. हातात कुठल्याही कोर्टाचा कागद नसताना त्यांनी मला फरपटत बाहेर काढलं आणि शटरला ठाण्याचं कुलूप घातलं. अर्जात एवढंच विचारलं आहे, की भावाबहिणीच्या जागेच्या भांडणात पोलीस कोण लागून गेले? जागा कोणाची ते ठरवायला कोर्ट बसलं आहे, तर इन्स्पेक्टर काठी घेऊन ते कसं ठरवतो?

अर्जात तुझं नाव 'घटनास्थळी हजर' एवढ्यापुरतं आहे. माझ्या हाताबद्दल लिहिलं आहे की एका हवालदाराने मनगट धरलं आणि दुसऱ्या हवालदाराने वह्या दाबायच्या शिकंज्याचं चाक फिरवलं. नक्कल तुला मिळाली असेलच. वाचून काय वाटलं ते कळवायची गरज नाही.

पोलिसांचं उत्तर परवा आलं. म्हणे त्या दिवशी सकाळी नऊ चाळीसला कारखान्यातून फोन आला, की बाईचा हात कामात यंत्रात सापडला. म्हणे ते मदतीला धावले. म्हणे बाईने घाबरून आपण होऊन जागा सोडली आणि किल्ल्या भावाच्या हातात दिल्या. पुरावा म्हणून त्यांच्या स्टेशन डायरीतली नऊ चाळीसची नोंद जोडली आहे. नऊ चाळीसला मी आणि आपली शिवणकामाची मावशी चहा पीत होतो. मावशीच्या कपाळावर नऊ टाके पडले, त्याबद्दल लिहिलं आहे की वृद्ध महिला पायरीवरून घसरली. आपल्या कारखान्याला पायरीच नाही. तू तरी सांगायचंस त्यांना.

राहणंही कारखान्यातच होतं, म्हणून सध्या मी मावशीच्याच खोलीत राहते. तिने तुला मांडीवर घेऊन सुईत दोरा ओवायला शिकवलं होतं, म्हणून आठवण देते. ती अजून तुझ्याबद्दल वाईट बोलत नाही. मला त्याचाही राग येतो.

जज्जसाहेबांनी मूळ डायरी मागवली आहे. पुढच्या आठवड्यात ती आम्हाला बघायला मिळेल. गंमत म्हणजे ती वही ऑगस्टमध्ये मीच बांधून दिली होती.

ताई


२१ जानेवारी, बुधवार

चिमण्या,

आज डायरी पाहिली.

कोर्टाच्या रेकॉर्ड रूममध्ये लांबलचक टेबल आहे. एका बाजूला मी आणि वकीलबाई, समोर ठाण्याचा कारकून, डायरीवर नजर ठेवायला. वकीलबाईंनी पानं उलटली. नंबर सलग, खाडाखोड नाही, अक्षर एकच. नऊ चाळीसची नोंद जागच्या जागी. त्यांनी चष्मा पुसला आणि माझ्या कानाशी म्हणाल्या, "यात बोट ठेवायला जागा नाही हो." मी म्हटलं, मला जरा हातात द्या.

डावा तळवा पाठीखाली धरला आणि वही सैल सोडली. तुला माहीत आहे काय झालं ते. एखादा फर्मा नव्याने शिवला की वही तिथेच आपसूक उघडते. ती सदुसष्ट नंबरच्या पानाशी उघडली. नोंद त्याच पानावर आहे.

मग मी सत्तरावं पान चाचपलं. आपण आठ पानांचा फर्मा करतो, चार कागद मधोमध दुमडून एकात एक घातलेले. पासष्ट ते बहात्तर हा एक फर्मा. त्यातलं तिसरं पान आणि सहावं पान म्हणजे एकच कागद. सदुसष्ट बदलायचं तर सत्तरही बदलावं लागतं, नाहीतर ते निघून हातात येतं. ठाण्यातल्या कोणाच्या डोक्यात हे येणार नाही, त्यांना नीट स्टेपलसुद्धा काढता येत नाही. बाकीची सगळी पानं थुंकी लावलेल्या बोटांनी मऊ झालेली, आणि ही दोनच करकरीत. कडेचा लाल रंग मात्र असा मिळवला आहेस की नजरेला कळत नाही. काम चांगलं केलंस, हे मान्य करते.

शिवाय आकडे. आपल्या नंबर मशीनमधला सात खालून तुटका आहे. सदुसष्टमध्ये सात, सत्तरमध्ये सात, दोन्ही तुटके. म्हणजे त्यांनी ठाण्याचं कुलूप काढून तुला आत नेलं, आपल्याच कागदावर आपल्याच मशीनने नंबर मारून घेतले आणि परत कुलूप घातलं. शिकंज्यावर तेव्हा माझं रक्त वाळलेलं असणार. ते पुसलंस की तसाच त्यात वही दाबलीस?

मधला फर्मा शिवायचा तर वहीची पाठ मोकळी करावी लागते आणि पुठ्ठ्याच्या आत चिकटवलेलं अस्तर उचलावं लागतं. मी शेवटचा पुठ्ठा उघडला. अस्तराच्या खालच्या कोपऱ्यात खळ अजून पांढरी दिसते.

बाबांनी आपल्याला काय घोटून शिकवलं? वही बांधा नाहीतर दुरुस्तीला उघडा, अस्तर चिकटवण्याआधी त्याखाली शिसपेन्सिलीने तारीख घालायची आणि आपली खूण. कोणाच्या हातचं काम आहे ते कळायला हवं, असं ते म्हणायचे. विसरलं की पट्टी, तीही उभ्या कडेने. माझी खूण दाभण, एक रेघ आणि वर डोळा. तुझी तीन रेघांची चिमणी, त्यावरून तुझं हे नाव पडलं. अठरा वर्षं तू ती काढत आलास. या वेळीही काढलीस का?

वकीलबाईंना मी काही सांगितलं नाही. हात ठणकतोय म्हटलं आणि डायरी परत दिली.

इन्स्पेक्टरने तुला कशाची भीती घातली असेल ते मला दिसतं आहे. माझ्या हाताचं प्रकरण तुझ्या गळ्यात अडकवीन म्हणाला असेल. तरी ऐक. सुनावणी दहा फेब्रुवारीला आहे. त्याआधी ये आणि तुझ्या तोंडाने सांग, की हे मला करायला लावलं. तू सांगितलंस तर साक्षीदार होशील. मला सांगावं लागलं तर आरोपी होशील. आणि मी गप्प बसले तर नऊ चाळीसची नोंद खरी ठरेल, मी खोटी, मावशी पायरीवरून घसरलेली, आणि कारखाना गेला.

येतोस की नाही ते एका ओळीत कळव.

ताई


३० जानेवारी, शुक्रवार

चिमण्या,

एका ओळीत म्हटलं तर तू खरंच एकच ओळ लिहिलीस. 'ताई, अस्तर उचलू देऊ नकोस.' म्हणजे चिमणी आत बसली आहे.

मंगळवारी मी पट्टी बदलून दवाखान्यातून निघाले. मागच्या गल्लीत दोघे आडवे आले. कपडे साधे, बूट ठाण्याचे. एकाने मागून मान धरून मला खाली पाडलं, दुसऱ्याने माझा उजवा हात रस्त्यावर सरळ करून घेतला, अगदी सावकाश, आणि प्लास्टरवर टाच ठेवून उभा राहिला. म्हणाला, "वहीचं डोक्यातनं काढ." मी किंचाळले तर तोंडात माझीच ओढणी कोंबली. दोन माणसं बाजूने गेली, त्यांनी चालण्याचा वेग वाढवला. तार कातडी फाडून वर आली आहे. डॉक्टर म्हणाले, मधलं बोट बहुतेक जाईल.

डायरीबद्दल मी कोणाशीच बोलले नव्हते. फक्त तुला लिहिलं होतं. ठाण्याचा कारकून समोर बसला होता, त्याने माझ्या चेहऱ्यावरून ओळखलं असेल. मी स्वतःला असंच सांगते आहे. तूही मला असंच सांग.

आता चार नोव्हेंबरच्या त्या मंगळवारचं एकदा नीट लिहून टाकते. तू स्वतःला ते वेगळं सांगत असशील, आणि मी तर कागदावरच वेगळं सांगितलं आहे.

इन्स्पेक्टर आत आला. मी कोर्टाचा कागद मागितला. त्याने कानाखाली इतक्या जोरात दिली की त्या कानाने मला अजून शिट्टी ऐकू येते. म्हणाला, "हा घे कागद. दोन तासांत जागा रिकामी पाहिजे." हवालदारांनी मांडणीवरच्या वह्या रस्त्यावर भिरकावायला सुरुवात केली. शाळेची हजेरीपुस्तकं, दवाखान्याची जन्माची रजिस्टरं, सगळं. मावशी दोन्ही हात पसरून मांडणीसमोर उभी राहिली. तिला छातीवर हात ठेवून ढकललं. कटिंग मशीनच्या कोपऱ्यावर कपाळ आपटलं आणि ती खाली बसली. रक्ताने तिचे दोन्ही डोळे भरले. ती हाताने जमीन चाचपत होती.

तू दारात उभा होतास. मी म्हटलं, "चिमण्या, मावशीला बघ." तू म्हणालास, "ताई, ऐक ना माझं. जागा सोडल्याची सही कर आणि मोकळी हो." तिच्याकडे वळूनसुद्धा पाहिलं नाहीस.

तिथे माझं डोकं फिरलं. शेगडीवर सरस उकळत होता. मी भांडं उचललं आणि फेकलं. अर्जात हे नाही. मावशीला सांगितलं की इन्स्पेक्टरवर फेकलं, नेम चुकला. नेम चुकला नव्हता. मी तुझ्यावरच फेकलं. मानेवर आणि कानावर पडलं, तू दोन्ही हातांनी ते ओरबाडायला लागलास आणि त्याच्याबरोबर कातडी निघाली. सरस कसा धरून ठेवतो ते मला माहीत असून मी ते केलं. आणि त्या क्षणी मला बरं वाटलं.

मग हवालदाराने माझे केस धरून मला शिकंज्यावर आदळलं. हात दोन पाटांच्या मध्ये गेला. एकाने मनगट दाबून धरलं. इन्स्पेक्टर म्हणाला, "हात चालतो काय? फिरव रे." दुसऱ्याने चाक ओढलं, ते जागचं हललं नाही. खालची खिट्टी अंगठ्याने वर केल्याशिवाय ते हलतच नाही. ती खिट्टी बाबांनी स्वतः बसवली होती, आणि ती कुठे आहे हे ते, तू आणि मी एवढ्यांनाच माहीत. मावशी सुईवाली, तिने शिकंज्याला कधी हात लावला नाही.

तू पुढे आलास. एक हात मानेवर तसाच होता. दुसऱ्याने खिट्टी उचललीस आणि चाक फिरवलंस. अर्धा फेरा. अर्ध्या फेऱ्याने दोनशे पानं किती दबतात ते तुला पाठ आहे. पुठ्ठा मोडल्यासारखा आवाज आला, एकदा आणि मग परत एकदा. तू लगेच उलटा फिरवलास, तेही मी पाहिलं. तुझा चेहरा तेव्हा लहानपणी ताप चढल्यावर व्हायचा तसा झाला होता.

अर्जात मी ते हवालदाराच्या नावावर टाकलं. शपथेवर खोटं लिहिलं. तुझ्यावरच्या मायेने लिहिलं असं म्हणायला मला आवडलं असतं, पण खरं म्हणजे माझ्या भावाने माझा हात मोडला, हे मला भरल्या कोर्टात ऐकवलं नसतं.

अजून अकरा दिवस आहेत. ये.

ताई


१० फेब्रुवारी, मंगळवार

चिमण्या,

सुनावणी झाली. दुपारचे तीन वाजले आहेत, मी कोर्टाच्या व्हरांड्यातल्या बाकावर बसून लिहिते आहे. हे आजच्या आज टपालात पडायला हवं, त्याचं कारण शेवटी लिहिलं आहे. ते आधी वाचलंस तरी चालेल.

पोलिसांचा वकील फार गोड बोलतो. त्याने शिकंज्याचा मोठा फोटो काढून आणला होता. कुठल्यातरी बाइंडरला आत नेऊन सगळं समजून घेतलेलं. म्हणाला, "महाराज, या यंत्राला एक खिट्टी आहे. ती माहीत असल्याशिवाय चाक तसूभर हलत नाही. माझा हवालदार बिचारा, त्याला खिट्टी कुठून माहीत? ती बाईंना माहीत आहे. म्हणजे यंत्र बाईंनीच चालवलं, हात त्यांच्याच चुकीने सापडला. वेळ, नऊ चाळीस." वकीलबाईंनी माझ्याकडे पाहिलं. त्यांना खिट्टीचं मी कधी सांगितलंच नव्हतं. माझ्या खोट्याने त्यांचं तोंड बंद केलं.

जज्जसाहेबांनी विचारलं, "बाई, यंत्र कोणी फिरवलं?"

मी मागे वळून दाराकडे पाहिलं. तू आला असतास तर काय बोलले असते, देव जाणे. दारात शिपाई होता आणि त्याच्यामागे कोणाची तरी छत्री टेकवलेली होती. तेवढंच.

"माझ्या भावाने," मी म्हटलं. "हवालदाराने हात धरला, इन्स्पेक्टरने सांगितलं आणि भावाने फिरवलं. त्याआधी मी भावावर उकळता सरस फेकला होता, तेही लिहून घ्या. अर्जातलं खोटं होतं." वकीलबाई माझी बाही ओढत होत्या. पोलिसांचा वकील हसला. म्हणाला, "बाई घटकेला एक सांगतात, घटकेला दुसरं."

मी म्हटलं, "माझं ऐकू नका. डायरीचं शेवटचं अस्तर उचला."

कोर्टाच्या रेकॉर्डकीपरने ओलं फडकं आणलं. खळ सुटायला पाव तास लागतो, तेवढा वेळ सगळं कोर्ट बसून राहिलं. मग मी डाव्या हाताने हाडाची पट्टी घालून अस्तर सोडवलं, जराही न फाडता. बाबांनी पाहायला हवं होतं.

वर ११ ऑगस्ट आणि माझं दाभण. खाली १८ नोव्हेंबर आणि तुझी चिमणी.

जज्जसाहेबांनी वही डोळ्यांजवळ नेली. "ही दुसरी खूण कोणाची?" मी सांगितलं. फर्मा दाखवला, सदुसष्ट आणि सत्तर एकच कागद कसा ते वकीलबाईंच्या वहीतला कागद दुमडून दाखवलं, तुटका सात दाखवला. त्यांनी इन्स्पेक्टरला विचारलं, "अर्जाची नोटीस तुम्हाला चौदा तारखेला मिळाली. अठरा तारखेला ही वही कोणी आणि का उघडली?" इन्स्पेक्टर म्हणाला की त्याला माहिती घ्यावी लागेल. माझ्या कानाखाली देताना त्याला कसलीच माहिती घ्यावी लागली नव्हती.

हुकूम तिथेच सांगितला. जागेचा ताबा कोणाकडे असावा हे ठरवणं आणि तो काढून दुसऱ्याला देणं पोलिसांचं काम नाही, मग तक्रार कोणाचीही असो. कुलूप उद्या दुपारपर्यंत निघालं पाहिजे. इन्स्पेक्टर निलंबित, आणि डायरीचा तपास बाहेरच्या एका अधिकाऱ्याकडे. मला शपथेवर खोटं लिहिल्याबद्दल कडक समज दिली. मी मान खाली घालून ऐकून घेतली, ती मला मिळायलाच हवी होती.

आता महत्त्वाचं. तपासात पहिलं नाव तुझं आहे. तू बोललास तर इन्स्पेक्टर जेलमध्ये जातो, हे त्यालाही कळतं. त्याचं पद गेलं असेल, पण त्याची माणसं ठाण्यात तशीच आहेत. वकीलबाई म्हणतात, पत्र मिळताक्षणी उठ आणि थेट त्या बाहेरच्या अधिकाऱ्यापुढे जाऊन बस. पत्ता मागे लिहिला आहे. दारावर कोणी ओळखीचा हवालदार आला तर त्याच्याबरोबर जाऊ नकोस. कितीही गोड बोलला तरी जाऊ नकोस.

मी जिंकले, असं सगळे म्हणतायत. मी टपालपेटी शोधायला उठते आहे.

ताई


१९ फेब्रुवारी, गुरुवार

चि. चिमण्यास अनेक आशीर्वाद. मागचे राहिलेलेही यातच धर.

आज मला तुझ्या खाटेशी पाच मिनिटं बसू दिलं आणि त्यातली चार मी रडण्यात घालवली, म्हणून उरलेलं लिहून वकीलबाईंच्या कागदांबरोबर पाठवते आहे. वॉर्डच्या दारातला शिपाई त्यांचे कागद उघडत नाही.

तू सासऱ्यांकडे राहतोस, तिथे माझं पत्र शुक्रवारी पोचलं. तुला गुरुवारीच उचललं होतं. तुझ्या बायकोने मला सगळं सांगितलं. तिघे आले, 'दोन मिनिटांचं काम आहे' म्हणाले आणि तू चपला घालून निघालास. चार दिवस ठाण्याच्या मागच्या खोलीत ठेवलं, डायरीत नोंदसुद्धा नाही. त्यांना तुझ्याकडून लिहून हवं होतं, की डायरी तू चोरलीस, पान तू बदललंस, आणि हे सगळं ताईनेच करायला सांगितलं, पोलिसांना अडकवायला. तू नाही म्हणालास. तुला उलटं टांगलं. तरी नाही म्हणालास. मग उजवा हात टेबलाच्या कडेवर ठेवून काठीने एकेक बोट. चार बोटं आणि मनगट. त्यांना तुझी सही हवी होती, आणि ज्या हाताने ती करायची तोच मोडून ठेवला. अक्कल बघ त्यांची. सोमवारी त्या बाहेरच्या अधिकाऱ्याने तुला सोडवलं, तेव्हा कुठे दवाखाना मिळाला.

"ताईच्या नावावर काही लिहिणार नाही," एवढंच तू म्हणत राहिलास, असं तुझी बायको सांगत होती. तिला ते कोणी सांगितलं माहीत आहे? शिकंज्याशी माझं मनगट धरणाऱ्या हवालदाराने. त्याला झोप लागत नाही म्हणे. मी त्याला माफ केलेलं नाही, पण साक्ष देतो म्हणाला आहे, तर देऊ दे.

तू फरशीवर पडून होतास आणि मी त्या वेळी कारखान्याचं शटर वर करत होते. माझ्या तोंडून तुझं नाव निघालं नसतं तर तुला कोणी हात लावला नसता. हे मी कोणाजवळ बोलले नाही. तुला लिहिते आहे कारण ज्याला सांगावं असं दुसरं कोणी मला नाही. परत विचारलं तर मी परत तेच सांगेन, हेही तुला माहीत असू दे. आणि परत असाच जीव तुटेल.

आज पाचव्या मिनिटाला मी विचारलं, की चिमणी का काढलीस? सवयीने, की मला सापडावी म्हणून? तुझा ओठ फाटलेला, तरी तू म्हणालास, "बाबांची पट्टी आठवली." मी हसले. बाजूच्या खाटेशी बसलेली बाई माझ्याकडे बघायला लागली. पोलिसांसाठी खोटं पान शिवायला बसलेला माणूस, आणि बाबांच्या पट्टीच्या भीतीने त्याखाली तारीख घालून ठेवतो. असला बावळटपणा आपल्याच घरात होऊ शकतो.

तुझ्या मानेवरचा डाग पाहिला. कानाखाली कातडी चुरगळली आहे. हात लावू का म्हणून विचारणार होते, तेवढ्यात शिपायाने वेळ झाली म्हणून सांगितलं.

कारखाना उघडला आहे. शिकंज्याचे पाट मी घासून घेतले, डाग लाकडात मुरला आहे तो निघत नाही. मावशी खिडकीशी बसून शिवते, मी खळ लावते. मधलं बोट गेलं. किल्ली तुला देणार नाही, आधीच सांगते. आपला दावा खालच्या कोर्टात चालू राहील. तू तुझा वकील आण, मी माझी आणते, पाहिजे तितकी वर्षं भांडू. पण आपण दोघांनी भांडायचं, मध्ये ठाणं नाही.

सोबत कागद आहेत. वरच्या कोर्टात नवा अर्ज करायचा आहे, पोलिसांविरुद्ध, तुझ्या नावाने. वकीलबाई त्याच. मी साक्षीदार. शेवटच्या पानावर शिसपेन्सिलीने फुली मारली आहे, तिथे सही कर. डाव्या हाताने. पेन मुठीत धर आणि कागद जरा उजवीकडे तिरका ठेव, म्हणजे हात स्वतःच्याच शाईवरून फिरत नाही. मला हे कळायला महिना गेला. घाई करू नकोस, वकीलबाई थांबतील.

वाकडी आली तरी चालते. माझी चालली.

ताई